झालेला डाव पुन्हा मांडताना

“अगं, तू नेमकं बघतेस तरी काय?” हा प्रश्न वसतिगृहातल्या मैत्रिणींनी गेल्या वर्षभरात मला इतक्या वेळा विचारला आहे, की एकदा त्याचे उत्तर छापून टाकावे आणि विचारणारीच्या हाती सरळ अंक ठेवावा, असे मनात आले. फोनच्या पडद्यावर चौसष्ट घरांचा एक पट असतो. त्यावर पाच-पाच मिनिटे काहीही हलत नाही. मग एखादे प्यादे एक घर पुढे सरकते आणि मी “अरेरे!” म्हणून कपाळाला हात लावते. पाहणारीला हा प्रकार वेडेपणाचाच वाटणार. शिवाय पुष्कळदा तो डाव आदल्याच दिवशी संपलेला असतो. संपलेला खेळ पुन्हा पाहण्यात कसली मजा, असेही मला विचारले गेले आहे. या दोन्ही प्रश्नांची उत्तरे मला ठाऊक आहेत तेवढी इथे देते. लेखात एका चुकीची कबुलीही आहे, पण ती योग्य जागी येईल.

आधी थोडे घरचे सांगते, कारण त्यावाचून पुढचे कळायचे नाही. माझे गाव सातारा जिल्ह्यातल्या खटाव तालुक्यात, मायणीच्या अलीकडे. तिथून एस.टी. विटा आणि तासगाव करीत सांगलीला येते. आमच्या घराण्यात महाविद्यालयाची पायरी चढलेली मी पहिलीच. वडील, म्हणजे आण्णा, सातवी शिकलेले. आमच्या आणि विट्याच्या बाजूची कितीतरी माणसे गलाईच्या धंद्यात देशभर पसरली आहेत. सोने-चांदी वितळवून शुद्ध करून देण्याचे ते काम. आण्णा केरळात त्रिशूरला एका गलाईच्या दुकानात कामाला आहेत. वर्षातून दोनदा घरी येतात. आजोबांना आम्ही आबा म्हणतो. बुद्धिबळ मला त्यांनी शिकवले, घरच्या ओसरीवर, कापडी पटावर. देवळाच्या पारावर पुरुषमाणसांचा डाव चाले, तिथे मुलींनी बसायची रीत नव्हती.

२०२० साली टाळेबंदी आली तेव्हा आण्णा त्रिशूरला अडकले आणि माझ्या शाळेच्या तासांसाठी घरात पहिला चांगला फोन आला. दुकानातल्या एका पोराने आण्णांच्या फोनवर ‘लीचेस’ नावाचे बुद्धिबळ घालून दिले. फ्रान्समधल्या तिबो द्युप्लेसी या गृहस्थाने २०१० मध्ये ते सुरू केले. त्याला पैसे पडत नाहीत आणि मध्ये जाहिरातीही येत नाहीत. आण्णांना इंग्रजी वाचता येत नाही, पण हत्ती हा हत्तीसारखाच दिसतो! त्या उन्हाळ्यात ते तिकडून आणि मी इकडून असे आम्ही रोज खेळू लागलो. एरवी फोनवर आमचे बोलणे “जेवलीस का? पाऊस हाय का?” एवढेच असे. डाव सुरू झाल्यावर तासभर संगत होऊ लागली.

आता मुद्द्याकडे येते. खेळ जपून ठेवण्याच्या दोन तऱ्हा आहेत. एक, त्याचे चित्र काढून ठेवायचे. दुसरी, त्यात काय काय घडले ते क्रमाने लिहून ठेवायचे. पहिल्या तऱ्हेत खेळ जसा दिसला तसा राहतो. दुसऱ्या तऱ्हेत दिसणे जाते, पण खेळ पुन्हा उभा करता येतो. हा फरक मला धाकट्या भावाशी भांडताना कळला.

तो ‘बीजीएमआय’ खेळतो. ज्या कोणी हा खेळ पाहिला नसेल (प्राध्यापकवर्गापैकी काही असतील) त्यांच्यासाठी सांगते : एका बेटावर शंभरापर्यंत खेळाडू उतरतात, शस्त्रे गोळा करतात, आणि शेवटपर्यंत जो किंवा जी तुकडी जिवंत राहील ती जिंकली. याच्या आधीच्या ‘पबजी मोबाइल’वर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली. जुलै २०२१ मध्ये हा नवा अवतार आला. जुलै २०२२ मध्ये तोही दुकानांतून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये परत आला. एवढ्या उलाढाली आमच्या गावातल्या ग्रामपंचायतीतही झालेल्या नाहीत. भाऊ आपल्या पराक्रमाचे चलच्चित्र फोनवरच टिपून ठेवतो. एका दिवसात फोन भरतो, मग आईचे फोटो पुसले जातात आणि भांडण होते. एकदा मी त्याला म्हटले, “माझे तीन वर्षांतले सगळे डाव तुझ्या एका चित्रापेक्षा कमी जागेत बसतात.” त्याला ते खोटे वाटले. पण ते अक्षरशः खरे आहे. चाळीस खेळ्यांचा डाव लिहायला एक पोस्टकार्ड पुरते, आणि एके काळी लोक पोस्टकार्डावर एकेक चाल लिहून गावोगावी डाव खेळतही असत.

हे लिहिणे कसे, ते पाहू. पटाच्या उभ्या आठ पट्ट्यांना ए पासून एच पर्यंत अक्षरे आणि आडव्या आठ ओळींना १ ते ८ आकडे. प्रत्येक घराला अशा रीतीने गावातल्या घरासारखा पत्ता मिळतो. ‘घोडा एफ ३’ म्हटले की जगात कुठेही तो घोडा त्याच घरात जातो. अलेप्पोच्या फिलिप स्टामाने १७३७ साली पॅरिसमध्ये छापलेल्या पुस्तकात ही कल्पना वापरली. इंग्लंड-अमेरिकेत मात्र पुढेही बराच काळ निराळी, घोळाची पद्धत चालत राहिली. १९८१ पासून जागतिक संघटनेने पत्त्यांचीच पद्धत ग्राह्य धरली. १९९३ मध्ये स्टीव्हन एडवर्ड्स यांनी हेच लेखन संगणकाला वाचता येईल अशा ठरावीक साच्यात बसवले. त्याला पीजीएन म्हणतात. आपण फोनवर जुना डाव उघडतो तेव्हा फोन कोणतेही चित्र दाखवत नसतो. तो ती यादी वाचतो आणि आपल्यासाठी पट नव्याने मांडतो.

सगळे खेळ असे लिहिता येत नाहीत. आमच्या जिल्ह्यातले, कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव १९५२ साली हेलसिंकीला कांस्यपदक जिंकून आले. ती कुस्ती पुन्हा लावता येईल का? कोणी प्रत्येक डावाचे नाव क्रमाने लिहून ठेवले असते, तरी त्या कागदावरून दुसरे दोन पैलवान तीच कुस्ती पुन्हा करू शकणार नाहीत. पकड किती घट्ट होती, माती-गादीवर पाय किती घसरला, हे कागदावर उतरत नाही. बुद्धिबळात मात्र कागदावर न उतरणारे असे खेळाचे काहीच शिल्लक राहत नाही.

याचे मला माहीत असलेले नामी उदाहरण १९७२ च्या जगज्जेतेपदाचे आहे. आइसलँडमध्ये रेक्याविकला बॉबी फिशर आणि बोरिस स्पास्की खेळत होते. फिशरला सभागृहातले चित्रीकरणाचे कॅमेरे खपेनात. दुसऱ्या डावाला तो आलाच नाही आणि तिसरा डाव प्रेक्षकांपासून दूर, मागच्या एका लहान खोलीत खेळवावा लागला. ज्यांनी चित्रीकरणाचे हक्क घेतले होते त्यांची पंचाईत झाली. परंतु प्रत्यक्ष खेळले गेलेले वीसच्या वीस डाव शेवटच्या खेळीपर्यंत शाबूत आहेत. बंद खोलीतला तो तिसरा डावही मी आज वसतिगृहाच्या गच्चीवर बसून पुन्हा मांडू शकते, आणि मांडला आहे.

चित्राला मी कमी लेखते आहे असे मात्र समजू नये. १२ डिसेंबर २०२४ रोजी सिंगापूरला डी. गुकेश आणि डिंग लिरेन यांचा चौदावा, अखेरचा डाव झाला. डिंगने ५५ व्या खेळीला हत्ती एफ २ वर नेला. यादीत ती इतर खेळ्यांसारखीच एक ओळ आहे. पट मांडून पाहिले तरच कळते, की गुकेशने आधी हत्तीला हत्ती मारले, मग उंट डी ५ वर आणून उंटही बदलायला लावले, आणि मागे प्याद्यांचे असे अंत्यपर्व उरले की काळ्याचे एक प्यादे जास्त होते. तिथे डाव संपला. पण ती चूक दिसताच गुकेशच्या चेहऱ्यावर काय झाले आणि नंतर तो पटाशीच बसून कसा रडला, हे कॅमेऱ्याने दाखवले. चाली रडत नाहीत. आण्णांनी दोन्ही पाहिले आणि त्यांना रडणे जास्त आवडले, हेही प्रामाणिकपणे नोंदवते.

मग बीजीएमआयसारखा खेळ कुस्तीच्या बाजूचा की बुद्धिबळाच्या? दिसायला तो कुस्तीसारखा आहे. धावणे, उड्या, धूर, गोळीबार. पण पडद्यामागे तिथेही घरे आणि पत्तेच असतात. कोणता खेळाडू बेटावर नेमका कुठे उभा आहे, कोणत्या दिशेला पाहतो आहे, गोळी कधी सुटली, हे सगळे यंत्र आकड्यांतच ठेवते. चित्र आपल्या फोनवर त्या आकड्यांवरून रंगवले जाते. म्हणून एक गंमत करता येते. आकडे जपून ठेवले तर तोच सामना दुसऱ्या खेळाडूच्या डोळ्यांनी, किंवा आभाळातून पाहिल्यासारखा, पुन्हा पाहता येतो. आपण मारले गेल्यावर, मारणाऱ्याच्या बाजूने ते शेवटचे क्षण दाखवण्याची सोय असते, ती यातलीच. भाऊ टिपतो त्या चलच्चित्रात असे कधीच होणार नाही. त्यात तो जिथे पाहत होता तेवढेच राहते, पाठीमागून कोण आले ते नाही.

१९९३ च्या ‘डूम’ या प्रसिद्ध संगणक-खेळात तर याहून साधी युक्ती होती. खेळाडूने काय केले, एवढेच सेकंदाला ३५ वेळा टिपून ठेवायचे : पुढे गेला, वळला, गोळी झाडली. पुन्हा पाहताना यंत्राला तेच हुकूम त्याच क्षणी द्यायचे, की अख्खा सामना आपोआप तसाच घडतो. २००१ पासून ‘स्टारक्राफ्ट’ या लढाईच्या खेळातही खेळाडूंचे हुकूमच साठवले जाऊ लागले. बुद्धिबळाची वही आणि हे, तत्त्वतः एकच.

पण या तऱ्हेला एक मोठा धोका आहे, आणि माझ्या मते या विषयातली सर्वांत विचार करण्यासारखी गोष्ट हीच आहे. चालींची यादी नियमांच्या जिवावर जगते. नियम बदलले की यादी मुकी होते. समजा, कंपनीने खेळाची नवी आवृत्ती काढली आणि तलवारीचा घाव किंचित हलका केला. आता जुनी यादी चालवली तर मागच्या वेळी मेलेला सैनिक मरणार नाही, तो पुढे जाऊन भलत्यालाच मारेल, आणि पाच मिनिटांत सगळा सामना भलतीकडे जाईल. म्हणून ‘क्लॅश रोयाल’सारखे खेळ नवी आवृत्ती आली की जुने सामने दाखवायचेच नाकारतात. भावाच्या एका मित्राचा असाच एक जन्मातला सर्वोत्तम सामना गेला. चित्र टिपले असते तर राहिला असता. इथे भावाची बाजू बरोबर होती आणि मी ती मान्य केली.

बुद्धिबळाचे नशीब असे, की त्याची शेवटची मोठी ‘आवृत्ती’ युरोपात पंधराव्या शतकाच्या अखेरीस आली. वजीर आणि उंट लांब पल्ल्याचे झाले ते तेव्हा. पुढे बारीकसारीक बदल झाले, तरी तेव्हापासूनचे डाव आजच्या फोनवर चालतात. कलकत्त्यात जॉन कॉक्रेन नावाचा स्कॉटिश बॅरिस्टर एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला महेशचंद्र बॅनर्जी यांच्याशी खेळे आणि डाव लिहून ठेवी. कॉक्रेनने लिहिले म्हणून बॅनर्जींचे शेकडो डाव आज आपल्यापुढे आहेत. पंजाबच्या मीर सुलतान खानाने १९३०-३१ च्या हेस्टिंग्जच्या स्पर्धेत कापाब्लांकाला हरवले, तो डाव शाळकरी पोरालाही सापडतो. पण त्याआधी तो गावाकडे देशी नियमांनी जे खेळत वाढला, त्या डावांचा मागमूस नाही. लिहिले ते उरले, बाकीचे गेले.

सांगलीत आल्यावर मला कळले की मी योग्य गावात आले आहे. इथले नूतन बुद्धिबळ मंडळ १९४१ मध्ये भाऊसाहेब पडसलगीकर यांनी उभे केले. राष्ट्रीय महिला अजिंक्यपद पाच वेळा मिळवणाऱ्या भाग्यश्री साठे-ठिपसे आणि महिला ग्रँडमास्टर स्वाती घाटे ही नावे सांगलीच्या बुद्धिबळात घरची म्हणून घेतली जातात. स्पर्धेत खेळाडूने प्रत्येक चाल आपल्या हाताने कागदावर लिहायची असते. घड्याळात पाच मिनिटांहून कमी वेळ उरला आणि दर खेळीला अर्धा मिनिट वाढून मिळत नसेल, तरच त्यातून सुटका. पहिल्या स्पर्धेत मी चाल लिहायला विसरत होते आणि पंच पुन्हा पुन्हा कागदाकडे बोट दाखवत होते. मला ती शिक्षा वाटली. आता वाटते, की डाव आपल्या नावावर राहावा म्हणून ती सोय आहे.

चालू असलेला डाव दुरून पाहण्याचे मार्गही थोडक्यात सांगते. मोठ्या स्पर्धांत पटाखालीच तारा बसवलेल्या असतात. कोणत्या घरात कोणती सोंगटी ठेवली ते पट स्वतः ओळखतो आणि चाल जगभर पाठवतो. नागपूरच्या दिव्या देशमुखने २८ जुलै २०२५ रोजी बाटुमीला कोनेरू हंपीला हरवून महिला विश्वचषक जिंकला, तेव्हा आमच्या खोलीत फोनवर उमटत होते ते असेच. पुष्कळ स्पर्धांत चाली मुद्दाम काही मिनिटे उशिराने दाखवतात, म्हणजे बाहेरच्या कोणी यंत्राला विचारून खेळाडूला कानमंत्र देऊ नये. भावाच्या खेळातल्या स्पर्धांतही हाच उपाय करतात. तिथे तर शत्रू कोणत्या घरात लपला आहे हे प्रक्षेपणावरूनच कळायचे! लीचेसवरच्या साध्या डावाला असा उशीर नसतो. खेळणाऱ्याचे नाव माहीत असले की कोणीही त्याच्या पटाशेजारी येऊन बसावे तसे बसू शकतो. माझ्या पटाशेजारी बहुतेक वेळा एकच प्रेक्षक असतो, त्रिशूरचा.

आता कबुलीकडे येते.

गेल्या वर्षी एका आंतरमहाविद्यालयीन सांघिक स्पर्धेची फेरी फोनवरच खेळवली गेली. आम्ही चौघी होतो. तीन पटांचे निकाल लागले होते आणि दोन्ही संघांना दीड-दीड गुण होते. माझा डाव उरला होता आणि तो जिंकलेलाच होता. समोरच्या मुलीचा नुसता राजा राहिला होता, एच ८ या कोपऱ्यात. माझा राजा एफ ६ वर, वजीर जी ३ वर. ज्यांना खेळ येतो त्यांनी एवढ्यातच ओळखले असेल : वजीर जी ७ वर ठेवला की मात. मी तो जी ६ वर ठेवला, एक घर अलीकडे. तिच्या राजाला शह नाही आणि जायला एकही घर नाही. याला स्टेलमेट म्हणतात आणि डाव बरोबरीत सुटतो. दोन-दोन झाले, आणि नियमाप्रमाणे पुढे जाण्याचा मान दुसऱ्या संघाला मिळाला.

मी लगेच सांगितले, “बोट घसरलं. पडद्याला तडा गेलाय, फोन जुना आहे.” एक घर अलीकडे म्हणजे बोट घसरल्यासारखेच दिसते, त्यामुळे कोणाला शंका आली नाही. मैत्रिणींनी समजूत घातली. सरही म्हणाले, “असे होते.” आण्णांनाही तेच सांगितले. त्या रात्री त्यांचा निरोप आला, की दुकानात मालकाशी बोललो आहे, आठ हजारांची उचल मिळेल, सांगलीत चांगला फोन बघून ठेव. मी “बरं” म्हणाले. दोन दिवस गप्प राहिले.

तिसऱ्या दिवशी आण्णांचा फोन आला. रात्री दुकान बंद झाल्यावर ते माझा डाव पुन्हा मांडून बघत होते. लीचेस नुसत्या चाली ठेवत नाही, प्रत्येक चालीला किती वेळ लागला तेही ठेवते. त्यातले आकडे आण्णांना चांगले वाचता येतात, वजन-काट्यात त्यांचे आयुष्य गेले आहे.

“त्या वजिराला किती येळ लावलास?” त्यांनी विचारले.

“बघितलं नाही.”

“एकतीस सेकंद. आन् घड्याळात अजून पावणेदोन मिन्टं हुती. मात दिसल्यावर माणूस एकतीस सेकंद बसत न्हाई, पोरी.”

मी काही बोलले नाही. तेही थोडा वेळ बोलले नाहीत. मग त्यांनी विचारले, “एच सातचं घर बंद करायला बघत हुतीस न्हवं?” खरोखर तसेच होते. मी एकतीस सेकंद त्या एकाच घराकडे पाहत होते. तिचा राजा तिथून निसटेल ही भीती डोक्यात बसली होती. ते घर बंद केले आणि तिला हलायला काहीतरी उरले पाहिजे हे विसरले. जी ७ मला दिसलेच नव्हते. उचल घेऊ नका, असे मी सांगितले. ते म्हणाले, “आजून घेतली न्हाई.” त्यांना केव्हापासून कळले होते, ते मी विचारले नाही.

संघातल्या बाकी तिघी आणि आमचे सर हा अंक वाचतील. त्यांना मी आजवर बोट घसरल्याचेच सांगत आले आहे. ते खोटे होते. फोन तोच आहे, तडाही तोच आहे, आणि त्यावरून बोट कधी घसरत नाही.

त्यानंतर मी झालेले डाव निराळ्या रीतीने पाहू लागले. पूर्वी डाव संपला की लगेच यंत्राचे मत मागायचे. स्टॉकफिश नावाचे यंत्र क्षणात चूक दाखवते आणि डावाचा आलेख काढते. माझ्या त्या डावाची रेघ माथ्याला टेकलेली आहे आणि वजिराच्या खेळीला एकदम मध्यावर पडते, जशी विहिरीत घागर पडावी. पण यंत्र ‘काय चुकले’ तेवढेच सांगते. का चुकले हे त्याला ठाऊक नसते. म्हणून आता मी आधी यंत्र बंद ठेवून डाव मांडते. एकदा पट उलटा फिरवून समोरच्याच्या बाजूने बसते. तिकडून बघितल्यावर आपले बेत किती उघडे असतात ते दिसते. मग कोणत्या खेळीला जास्त वेळ घेतला ते पाहते, कारण जिथे वेळ गेला तिथे मनात काहीतरी अडलेले असते. हे सगळे झाल्यावर यंत्राला विचारते. बहुधा तोपर्यंत त्याचे उत्तर आपल्याला माहीत झालेले असते. लीचेसवर डावाची वही करता येते. तीत ठिकठिकाणी आपले शेरे लिहून ती दुसऱ्याला दाखवता येते. आण्णांसाठी मी शेरे मराठीत लिहिते. ज्यांना हे जमवायचे असेल त्यांनी खोली क्रमांक विचारत यावे.

दिवाळीच्या सुट्टीत ही सगळी विद्या मी आबांना दाखवायला गेले. आबा ऐंशीच्या घरात आहेत. मी म्हटले, “आबा, तुमचा डाव आता फोनात राहील.” पट मांडला. सहाव्या-सातव्या चालीलाच त्यांनी राजा उचलून घोड्यासारखा अडीच घरे नेला. त्यांच्या देशी खेळात शह लागण्याआधी राजाला अशी एक उडी माफ असते, आणि प्यादे पहिल्या चालीला दोन घरे जात नाही. फोनने राजा जागच्या जागी परत आणून ठेवला. आबांनी पुन्हा नेला, फोनने पुन्हा परत आणला. तिसऱ्या वेळी ते म्हणाले, “ह्येला खेळ येत न्हाई,” आणि चष्मा काढून ठेवला.

तेव्हा मला क्लॅश रोयालमधला भावाच्या मित्राचा सामना आठवला. आबांचीही आवृत्ती जुनी झाली होती. पारावर त्यांच्याबरोबर खेळणारे आता कोणी राहिले नाही. साठ वर्षांत किती डाव झाले असतील, त्यातला एकही कुठे नाही. त्यांना एवढेच आठवते, की अमक्याला अमक्या यात्रेच्या आदल्या रात्री मात केली. कशी केली, ते गेले. माझ्या स्टेलमेटची हकीकतही त्यांना सांगितली. ते म्हणाले, “आमच्यात आसली चाल करूच देत न्हाईत. दुसरी कर म्हंत्यात.” म्हणजे आबांच्या नियमांनी मी ती फेरी जिंकले असते! असो.

शेवटी मी दोनशे पानी वही घेतली. पत्त्यांची पद्धत तीच ठेवली, राजाच्या उडीसाठी एक खूण ठरवली, आणि पहिल्या पानावर आबांना विचारून त्यांच्या खेळाचे नियम लिहून काढले, म्हणजे पुढे कोणी वाचलेच तर अडू नये. आबांना चाल केल्यावर थांबायला सांगावे लागते. “लिहिलंस का?” असे विचारून मगच ते चहाचा घोट घेतात. सुट्टीत असे सात डाव झाले. पाच त्यांनी जिंकले, एक मी, एकात दोघांकडे राजाशिवाय काही उरले नाही. सातवा डाव मी आण्णांना फोनवरून वाचून दाखवला आणि त्यांनी तिकडे गलाईच्या दुकानात सोंगट्या मांडून तो चालवला.

आठवा डाव एकविसाव्या खेळीवर राहिला, कारण विट्याची एस.टी. आली. वही सांगलीला माझ्यापाशी आहे आणि चाल आबांची आहे.